बोटीवर गाठतो

जिनं आयुष्यात खोकल्याचं औषधसुद्धा दोन चमच्यांच्या वर घेतलं नाही, त्या बाईनं त्रेसष्टाव्या वर्षी वाइन चाखायच्या सहलीचं तिकीट काढावं, आणि तेही एक नाही, दोन, याला काय म्हणायचं? शेजारणीनं तर तोंडावरच विचारलं, ताई, बरं वाटतंय ना? ताईनं सांगितलं, दाताच्या डॉक्टरकडे कागद पडला होता, चित्र छान होतं, म्हणून काढलं. निव्वळ थाप. ताकाला जाऊन भांडं लपवायची ताईची सवय जन्माची. तिला ना वाइनशी घेणं होतं ना नदीशी देणं. तिला धाकट्या भावाशी बोलायचं होतं, आणि नऊ वर्षं ज्याच्याशी बोललो नाही त्याला 'ये, बोलू' असं सरळ म्हणता येत नाही. काहीतरी निमित्त लागतं.

कागदावर छापलं होतं: सकाळी रेल्वे, दुपारी वाइन, संध्याकाळी नदीतून परत. ताईनं पुष्कळ विचार केला. घरी बोलवावं तर तेच दार आणि तोच उंबरठा. हॉटेलात भेटावं तर समोरासमोर दोन तोंडं आणि मधे मिठाची बाटली. गाडीत निदान खिडकी असते. बोलणं अडलं की बाहेर बघायचं, दोन झाडं बघायची, एखादा पूल बघायचा, आणि मग पुढचं बोलायचं. तिला बोलायचं होतं एकच वाक्य.

ते कोणतं आणि का, हे सांगायचं तर नऊ वर्षं मागं जायला हवं. आई चार वर्षं अंथरुणाला खिळून होती. ताई हॉस्पिटलच्या लाँड्रीत मुकादम. सकाळी सहा ते दोन तिकडच्या चादरी मोजायच्या आणि दोननंतर घरी येऊन आईच्या चादरी बदलायच्या. लग्नबिग्न या भानगडीत ती पडलीच नव्हती. भाऊ दुसऱ्या शहरात. लहानपणी सदा साखरेच्या डब्यापाशी सापडायचा म्हणून घरात त्याचं नाव मुंगळा. पुढे पुलांचे नकाशे काढणारा मोठा साहेब झाला, तरी ताईच्या तोंडी मुंगळाच. वर्षातून दोनदा फळांची पिशवी घेऊन यायचा, आईच्या खोलीच्या दारात पाच मिनिटं उभा राहायचा, आणि मग गळका नळ बघ, दिवा बदल, असली कामं उकरून काढायचा. फोनवर विचारायचा, येऊ का ताई? ताई म्हणायची, कशाला, मी आहे ना इथे, तू तुझं बघ. आधी असं म्हणायचं आणि मग आला नाही म्हणून चार दिवस भांडी आपटायची, हा ताईचा खाक्या.

आई गेली ती पहाटे. डॉक्टरांनी आशा नाही म्हणून सांगितलं ते आदल्या दिवशी सकाळी, आणि ताईनं तेव्हाच त्याला कळवलं होतं. हा उगवला दुसऱ्या दिवशी दहा वाजता. दारात शेजारपाजारचे, नात्यातले, सगळे उभे. ताई चार वर्षांची जागलेली. उचलली जीभ, लावली टाळ्याला. सगळ्यांच्या देखत म्हणाली, "आता कशाला आलास? आई काय तुझ्यासाठी थांबून राहणार होती?" त्यानं एक बूट काढला होता, दुसरा पायातच होता. काढलेला त्यानं पुन्हा घातला, आणि आला तसा गेला.

त्यानंतर नऊ वर्षं काही नाही. भावजय मात्र चांगली, अधूनमधून फोन करायची, हवापाणी विचारायची. गेल्या महिन्यात तिनंच सांगितलं, की घर विकलं, आता लेकीकडे परदेशी चाललोय, तिकडेच राहायचं. ती स्वतः पुढे गेली. तो घराच्या किल्ल्या नव्या लोकांना देऊन पंधरा दिवसांनी निघणार होता, आणि विमान होतं ताईच्याच शहरातून, रविवारी रात्री. म्हणजे रविवार हातचा गेला की सगळंच गेलं. ताईनं आधी तिकिटं काढली, मग त्याचं तिकीट त्याच्या फोनवर पाठवलं आणि खाली लिहिलं, 'रविवारची सहल आहे. जागा आहे. जमलं तर बघ.' बघा आता. जीव तीळतीळ तुटतोय आणि लिहितेय काय, तर जागा आहे!

दोन दिवसांनी त्याचं उत्तर आलं, 'बघतो.' हो म्हणायची हिंमत नसली आणि नाही म्हणायची लाज वाटली की माणूस बघतो म्हणतो, हे न कळायला ताई काही कुकुलं बाळ नव्हती. तरीही तिनं आठवडाभर न्हाणीघरातल्या आरशासमोर उभं राहून वाक्य घोकलं. त्या दिवशी दारात मी जे बोलले, ते बोलायला नको होतं. आरशासमोर झकास जमायचं. आरसा काही बूट घालून निघून जात नाही.

रविवारी ती स्टेशनवर पाऊण तास आधी हजर. ठेवणीतले कपडे, केस नीट बसवलेले, पर्समध्ये दोघांपुरती गोळ्या-बिस्किटं. सहलीची गाइडबाई तिशीतली, चटपटीत, हातात ते बटण दाबलं की टक्क करून आकडा पुढे सरकतो तसलं मोजायचं यंत्र. डब्याच्या दाराशी उभी राहून ती चढणाऱ्यांना मोजत होती, पण नजर खाली. ताईला नवल वाटलं. आयुष्यभर ज्यानं मोजणी केली त्याला दुसऱ्याची मोजणी बघितल्याशिवाय राहवत नाही. तिनं विचारलं, की खाली काय बघता? गाइडबाई हसली. म्हणाली, "काकू, चेहऱ्याकडे बघितलं की लोक बोलायला लागतात, संडास कुठे आहे म्हणून विचारतात, आणि आकडा चुकतो. पायांचं तसं नाही. पाय आत पडला, टक्क. सात वर्षांत एकदाही चुकले नाही." ताईला हे पटलं. लाँड्रीत तीही गठ्ठ्याच्या घड्याच मोजायची, चादर उलगडून कोण बघतो?

यादीत नावं होती अठ्ठावीस, आणि यंत्रावर आकडा आला सत्तावीस. गाइडबाईनं यादी पुन्हा चाळली. ताईनं सांगितलं, अठ्ठाविसावा माझा भाऊ, येतोय. गाडी सुटायला दहा मिनिटं होती. ताई खिडकीतून फलाटाकडे बघत राहिली. फलाटावर ही गर्दी. सामानाच्या गाड्या, निरोप द्यायला आलेले, खांबाआड वर्तमानपत्र वाचणारे. प्रत्येक टकल्या माणसात तिला भाऊ दिसत होता, कारण भावजयीनं एकदा सांगितलं होतं की आता पार चंद्र झालाय. गाडी हलायला दोन मिनिटं असताना फोन वाजला. लिहिलं होतं, 'गाडी चुकतेय. वाइनच्या ठिकाणी येतो.'

येतो! बघतो नाही, येतो! ताईला इतका आनंद झाला, की समोर बसलेल्या नवरा-बायकोला तिनं न विचारता बिस्किटं दिली. लग्नाला महिनाही झाला नसावा त्यांच्या. एकच बिस्किट दोघांत मोडून खात होती. एका जाडजूड गृहस्थानं येऊन विचारलं, ही शेजारची जागा रिकामी आहे का? ताईनं पर्स उचलून त्या जागेवर ठेवली आणि म्हणाली, नाही, माणूस यायचाय. माणूस चालत्या गाडीत कुठून येणार, असं त्या गृहस्थानं विचारलं नाही, हे त्याचे उपकार. दोन तास गाडी बोगद्यांतून, डोंगराच्या कडेकडेनं, एका लांबलचक पुलावरून गेली. सगळे खिडकीला नाकं लावून फोटो काढत होते. हा पूल मुंगळ्याला आवडला असता, असं तिच्या मनात आलं, आणि हे सांगायला शेजारी पर्सशिवाय कोणी नव्हतं.

वाइनचं ठिकाण म्हणजे द्राक्षांच्या मळ्यातलं दगडी तळघर. आत गारठा, भिंतीला लागून माणूस उभा मावेल एवढाली लाकडी पिंपं. दोन-दोन खुर्च्यांची छोटी टेबलं मांडलेली. वाइनवाला लठ्ठ, बोलका, गालांवर लाली चढलेला. तो स्वतःच रोज किती चाखतो ते विचारायची गरज नव्हती. त्याच्या कागदावर ताईच्या टेबलाला दोन माणसं लिहिलेली, म्हणून त्यानं दोन पेले भरले. ताईनं सांगितलं, भाऊ येतोय, वाटेतच आहे. मग त्यानं सगळ्यांना शिकवलं: पेला फिरवायचा, उजेडात धरायचा, नाक खुपसून वास घ्यायचा, आणि सांगायचं कशाचा वास येतो. कुणाला चेरीचा आला, कुणाला ओल्या लाकडाचा. नव्या नवरीला फुलांचा आला, आणि नवऱ्याला लगेच त्याच फुलांचा. ताईला विचारलं तेव्हा ती म्हणाली, जखम पुसायच्या बोळ्याचा. तळघर हसण्यानं दणाणलं. ताईनं गंमत केलीच नव्हती, तिला खरंच तोच वास आला होता.

पुढे तो म्हणाला, घोट तोंडात घोळवायचा आणि नको असेल तर या बादलीत थुंकायचा. ताईला हे काही झेपलं नाही. पाहुण्यासमोर पेला ठेवायचा आणि शेजारी थुंकायची बादली, ही कसली रीत? तिनं मुकाट्यानं गिळलं. पहिला पेला आंबट, दुसरा त्याहून तुरट, तिसऱ्यापर्यंत मात्र कानाच्या पाळ्या गरम झाल्या आणि जीभ सैल सुटल्यासारखी वाटली. आता आला असता तर बोललेच असते, असं तिला वाटलं. तिनं समोरच्या रिकाम्या खुर्चीकडे बघून म्हणूनसुद्धा पाहिलं, त्या दिवशी दारात मी जे बोलले, ते बोलायला नको होतं. शेजारच्या टेबलावरून नवा नवरा घाबरून म्हणाला, आम्ही काही नाही बोललो काकू. ताई म्हणाली, तुम्हाला नाही रे बाळांनो, तुमचं चालू द्या.

जेवणं झाली. ताटं उचलली. भावाच्या खुर्चीपुढे तीन पेले काठोकाठ भरलेले तसेच होते. ताई दर पाच मिनिटांनी जिन्याकडे बघत होती. दोन वाजून गेल्यावर फोन वाजला, 'उशीर होतोय. बोटीवर गाठतो.' ताईनं ते तीनदा वाचलं. वाइनवाल्यानं विचारलं, हे तुम्ही घेताय का? ती नको म्हणाली. त्यानं एकामागून एक तिन्ही पेले बादलीत रिकामे केले. त्याचं काही चुकलं नव्हतं, त्याला पुढच्या लोकांसाठी टेबल लावायचं होतं. पण ताईला ते बघवलं नाही, आणि ती बाहेर उन्हात जाऊन उभी राहिली. समोर गाड्या लावायच्या जागेत चार-पाच मोटारी होत्या. एकीत कोणीतरी टोपी डोळ्यांवर ओढून झोपलं होतं. ताईनं तिकडे धड बघितलंही नाही, तिची नजर रस्त्यावर.

सहलीच्या बसनं सगळ्यांना धक्क्यावर आणलं तेव्हा तीन वाजले होते. हा धक्का म्हणजे काही बंदर नव्हे. नदीकाठी एक लाकडी फलाट, एक तिकिटाची खिडकी, आणि वर रस्त्याला जाणाऱ्या पन्नासेक पायऱ्या. बोट इथून निघून थेट शहरात जायची, सहाला पोचायची. परत इकडे यायची नाही. भावाची गाडी शहरातल्या धक्क्यावरून सव्वासहाला विमानतळाकडे निघणार, हे भावजयीकडून ताईला कळलं होतं. म्हणजे उरलं काय, तर बोटीतले अडीच तास. अडीच तास म्हणजे एका वाक्यासाठी चिक्कार झाले, अशी तिनं स्वतःची समजूत काढली.

गाइडबाईनं यादीवर भावाच्या नावावर काट मारली. दोन ठिकाणी आला नाही तो तिसऱ्या ठिकाणी कशाला येईल, हा तिचा अनुभव. ती म्हणाली, आता आपण सत्तावीस. ताईनं तिकिटाच्या खिडकीतल्या माणसाला विचारलं, शहराकडून मोटारी कुठे येतात? त्यानं वर बोट दाखवलं, फाटकापाशी. ताईनं गाइडबाईला सांगितलं, मी जरा वर जाऊन बघते, पाच मिनिटांत येते. गाइडबाई बोटीच्या फळीपाशी उभी राहून टकटक करायला लागली होती. नजर खालीच. बरं बरं म्हणाली, आणि कुणाला म्हणाली ते तिचं तिलाही ठाऊक नसावं.

ताईचे गुडघे पन्नास पायऱ्यांचे नव्हते, पण ती चढली. फाटकापाशी रस्ता रिकामा. एक दुचाकी गेली, एक भाजीचा टेम्पो गेला. तिनं हाताची सावली करून लांबवर पाहिलं. खाली बोटीनं भोंगा दिला, तेव्हा ती म्हणाली, येतोय, येतोय, दोन मिनिटं थांबा. हे ऐकायला तिथे कोण होतं? ती आणखी दोन मिनिटं थांबली. नऊ वर्षं थांबलेल्या माणसाला दोन मिनिटं जास्त वाटत नाहीत, आणि तिथेच घात झाला. दुसरा भोंगा झाला, इंजिन सुरू झाल्याचा आवाज आला, आणि ताई जमेल तशी खाली पळाली. निम्म्या पायऱ्यांवर असतानाच तिला दिसलं की फळी उचललेली आहे आणि बोट आणि धक्का यांच्यामध्ये पाणी आहे.

तिकिटाच्या खिडकीतला माणूस बाहेर आला. तो चक्रावूनच गेला होता. म्हणाला, बाई तर मोजून गेल्या, सत्तावीस बरोबर, मी ऐकलं. ताईलाही क्षणभर कळेना. ती इथे, मग सत्तावीस कसे? आणि मग तिला बोट दिसली, बोटीचा मागचा कठडा दिसला, आणि कठड्यापाशी एक टक्कल पडलेला माणूस दिसला, खांद्याला पिशवी लावलेला, एक हात मागे कमरेवर ठेवलेला. वडील असे उभे राहायचे. खिडकीतला माणूस सांगत होता, की पलीकडच्या उतारावरून एक गृहस्थ अगदी शेवटच्या क्षणी धावत आले, खलाशाला फोनवर तिकीट दाखवलं, आणि चढले. गाइडबाईनं शेवटचा पाय मोजला आणि आकडा भरला. आकडा भरला की गठ्ठा बांधायचा, हे ताईनंही एकतीस वर्षं केलं होतं. तिला गाइडबाईचा राग आला नाही. कुणाचाच आला नाही.

तिनं हाक मारली. नऊ वर्षांत पहिल्यांदा मोठ्यांदा मुंगळ्या म्हणाली. इंजिनाच्या घरघरीत आणि कर्ण्यावर सुरू झालेल्या नदीच्या माहितीत ती हाक कुठच्या कुठे गेली. तो बाकांच्या रांगांमधून फिरत होता, प्रत्येक म्हाताऱ्या बाईच्या तोंडाकडे वाकून बघत होता. खिडकीतला माणूस म्हणाला, शहराची बस पाचला, पोचायला साडेआठ होतील, रस्ता डोंगराला वळसा घालून जातो. मोटार मागवली तरी ती यायलाच दीड तास. ताई हं म्हणाली. मग तिचा फोन वाजला. या वेळी लिहिलेलं नव्हतं काही, नुसता वाजत होता.

"ताई, कुठे आहेस तू? मी सगळीकडे बघितलं."

"मागे बघ," ताई म्हणाली.

तो वळला. बोट अजून नदीच्या मध्यात होती, संथ चालली होती. चेहरा दिसत नव्हता, पण माणूस दिसत होता. त्यानं हात वर केला आणि तो तसाच वर राहिला. ताईला वाटलं, आता नाही तर कधीच नाही. आरसा नाही, खिडकी नाही, जिभेवर वाइनची धुंदी होती तीही पायऱ्यांवर उतरून गेलेली. तिनं एका दमात सांगून टाकलं. "त्या दिवशी दारात मी जे बोलले ना, ते बोलायला नको होतं. चुकलं माझं. नऊ वर्षं झोप नाही मला धड."

पलीकडून कर्ण्याचा आवाज येत राहिला; डाव्या हाताला जुनी गिरणी आहे, असं कोणीतरी सांगत होतं.

"तू बरोबरच बोलली होतीस," तो म्हणाला. "मी आदल्या संध्याकाळीच आलो होतो, ताई."

ताईला काही समजलं नाही. मग तो सांगू लागला, आणि एकदा बोलायला लागला तो थांबेना. आदल्या दिवशी ताईचा निरोप मिळाल्याबरोबर तो निघाला होता. संध्याकाळी सहाला स्टेशनवर उतरला होता. घर तिथून चालत वीस मिनिटं. आईला तसं बघायचा धीर होईना, म्हणून तो बाकावर बसला. म्हटलं, जरा वेळानं जाऊ. जरा वेळाची सबंध रात्र झाली. सकाळी फोनवर आई गेल्याचं कळलं, आणि त्यानंतरही दहा वाजेपर्यंत तो त्याच बाकावर होता. ताईनं दारात विचारलं, आता कशाला आलास, तेव्हा त्याला वाटलं हिला सगळं ठाऊक आहे. म्हणून तोंड दाखवायची सोय उरली नाही. रागावला-बिगावला तो मुळीच नव्हता.

"आणि आजही," तो म्हणाला, आणि अडला. "आज माझी गाडी चुकली नव्हती. मी फलाटावरच होतो. तू खिडकीत दिसत होतीस. मला चढवेना. मग मोटार केली, मागोमाग आलो. तू त्या तळघराच्या बाहेर येऊन उभी राहिलीस, तेव्हा मी वीस पावलांवर होतो. आता इथेही पलीकडच्या उतारापाशी गाडीतच बसून होतो. तुला सगळ्यांबरोबर खाली उतरताना बघितलं, परत वर गेलीस ते नाही दिसलं. भोंगा झाला तेव्हा म्हटलं, आत्ता नाही गेलो तर मग... म्हणून पळत सुटलो."

ताई मटकन पायरीवर बसली. हसावं की रडावं हे तिला कळेना, म्हणून तिनं दोन्ही थोडं थोडं केलं. अरे मुडद्या, वीस पावलं! सबंध दिवस ती रिकाम्या खुर्चीशी बोलत होती, आणि हा टोपी ओढून मोटारीत बसलेला. नऊ वर्षांपूर्वी असतं तर तिनं असं काही सुनावलं असतं, की बोटीवरच्या खलाशानंही कान झाकले असते. आज तिला फक्त तो बाकावर बसलेला दिसत होता, रात्रभर, पिशवी मांडीवर घेऊन. आणि ती तेव्हा आईच्या उशाशी एकटी बसून दाराकडे कान लावून होती. वीस मिनिटांच्या अंतरावर दोघं.

बोट आता प्रवाहाला लागली होती. पुढे नदी डोंगराच्या मागे वळत होती. तो घाईघाईनं म्हणाला, "ताई, विमान चुकवू का? सहाला उतरतो, तिथेच थांबतो. तू बसनं ये. चुकवू?"

आता इथे ताईचा जुना खाक्या म्हणजे, कशाला, तू तुझं बघ, मी आहे ना. ते वाक्य तोंडापर्यंत आलंच होतं. पण चार वर्षं तेच म्हणत आली आणि त्याचं काय झालं ते तिनं आत्ताच ऐकलं होतं. जन्मात कुणाकडे काही मागितलं नव्हतं तिनं. तिनं फोन दोन्ही हातांनी धरला.

"हो," ती म्हणाली. "चुकव. थांब माझ्यासाठी."

कर्ण्यावरची बाई कुठल्याशा किल्ल्याचं सांगत होती. ताई वाट बघत राहिली. मग त्याचा आवाज आला, पण तो बदललेला होता. लेक तिकडे घ्यायला येणार आहे, म्हणाला. बायकोला कळवावं लागेल. सामान पुढे पाठवलंय. तरी पण बघू, काहीतरी होईल, तू म्हणतेस तर. प्रत्येक शब्दाबरोबर तो मागे मागे सरकत होता आणि ते त्याचं त्यालाही कळत होतं. ताई हा आवाज ओळखत होती. आईच्या खोलीच्या दारात उभा राहून तो याच आवाजात विचारायचा, ताई, तो नळ गळतोय का बघू? त्यानं चुकवू का म्हणून विचारलं ते खरं होतं, अगदी मनापासून होतं; पण तिनं नको म्हणावं म्हणून विचारलं होतं. तो सहाला धक्क्यावर उतरेल आणि पुन्हा एखाद्या बाकावर बसेल. साडेआठ वाजेपर्यंत त्याचा जीव कुरतडेल, आणि ती पोचायच्या आत तो कुठेतरी निघून गेलेला असेल. मग आणखी नऊ वर्षं त्याला तोंड दाखवता येणार नाही, आणि तेवढी वर्षं आता दोघांकडे होती कुठे?

"अरे, गंमत केली तुझी," ताई म्हणाली. "विमान कसलं चुकवतोस? लेक वाट बघतेय तिकडे. जा तू. सुखानं जा."

"नक्की ना ताई?"

"नक्की. मला बरं वाटलं तू आलास ते. खरंच सांगते."

त्यानं श्वास सोडला. इतका मोठा सोडला की ताईला तो कानात स्पष्ट ऐकू आला. अंगावरचं ओझं उतरवून हमाल सोडतो तसा. पोचलो की फोन करतो, म्हणाला. दर रविवारी करीन, म्हणाला. ताई म्हणाली, कर. भावाला एवढं हलकं करता आलं याचं तिला खरोखर बरं वाटत होतं, आणि त्याच वेळी इतकं एकटं वाटत होतं, की आई गेली त्या पहाटेही वाटलं नव्हतं. त्यानं कठड्यावरून पुन्हा हात हलवला. तिनंही उठून उभं राहून हलवला, त्याला दिसावा म्हणून चांगला उंच करून. बोट डोंगराआड गेली. फोन दोघांनीही ठेवला नव्हता, आणि कोणी काही बोलतही नव्हतं.